लुटायचं नाही, घेतलं तर पावती द्यायची: युद्धातल्या एका नियमाची पार्श्वभूमी

शत्रूच्या मुलखात शिरलेल्या सैन्याने तिथल्या साध्या माणसाच्या घराला, धान्याला, गुरांना हात लावायचा की नाही, याचे नियम आज हेग आणि जिनिव्हा करारात आहेत. पण एखाद्या सरकारने ते आपल्याच सैन्यासाठी नीट कलमवार लिहून काढले ते अमेरिकेच्या यादवी युद्धात, म्हणजे उत्तर विरुद्ध गुलामगिरीवाली दक्षिण या लढाईत, 24 एप्रिल 1863 ला. जनरल ऑर्डर्स नंबर 100, लिंकनची मंजुरी, एकूण 157 कलमं. लिहिणारा फ्रान्सिस लीबर, म्हणून नाव पडलं लीबर कोड.

लीबर मूळचा बर्लिनचा, 1815 मध्ये नेपोलियनविरुद्ध प्रशियाकडून लढताना नामूरला जबर जखमी झालेला, पुढे अमेरिकेत येऊन साऊथ कॅरोलिनात वीसेक वर्षं प्रोफेसर होता आणि तिथे त्याने स्वतः गुलाम बाळगले होते, हे लपवून चालणार नाही. युद्ध पेटलं तेव्हा तो न्यूयॉर्कला कोलंबिया कॉलेजात शिकवत होता. ऑस्कर नावाचा मुलगा दक्षिणेकडून लढला आणि 1862 मध्ये जखमांनी गेला, हॅमिल्टनने उत्तरेकडून लढताना फोर्ट डोनेल्सनला हात गमावला, आणि तिसरा नॉर्मनही उत्तरेच्याच सैन्यात. दोन्ही बाजूंची झळ ज्याच्या घरात पोचली होती त्याने हे नियम लिहिलेत, आणि मला तरी ते वाचताना जाणवतं.

कलम 44 सगळ्यात कडक. लूट, बलात्कार, नागरिकांना मारणं किंवा जखमी करणं, वरिष्ठाच्या हुकुमाशिवाय मालमत्तेची नासधूस, या सगळ्याला मृत्युदंडापर्यंत शिक्षा, आणि थांब म्हटल्यावरही जो सैनिक थांबत नाही त्याला अधिकारी जागच्या जागी ठार करू शकतो. कलम 38 मात्र मला जास्त महत्त्वाचं वाटतं. खाजगी मालमत्ता फक्त लष्करी गरजेपोटीच घ्यायची आणि मालक पळून गेला नसेल तर त्याला पावती द्यायची, म्हणजे पुढे भरपाई मागायला त्याच्या हातात कागद राहील. आणि मालमत्तेचं इतकं रक्षण करणाऱ्या याच कोडने माणसाला मालमत्ता मानायला नकार दिला, कारण दक्षिणेतून पळून उत्तरेच्या सैन्याकडे आलेला गुलाम त्याच क्षणी स्वतंत्र, असं कलम 43 मध्ये स्पष्ट लिहिलंय.

पण ‘लष्करी गरज’ ही पळवाट त्यातच होती. शत्रूला उपाशी पाडणंसुद्धा कायदेशीर, असं कलम 17 म्हणतं. दीड वर्षात, नोव्हेंबर 1864 मध्ये, उत्तरेचा जनरल शर्मन दक्षिणेतल्या जॉर्जिया राज्यातून समुद्राकडे निघाला तेव्हा त्याच्या हुकुमात घरात घुसू नका असं होतं, गिरण्या-घरं जाळायचा अधिकार फक्त कोअर कमांडरला, म्हणजे सैन्याच्या मोठ्या तुकडीच्या प्रमुखाला होता, पण दाणागोटा वाटेतूनच गोळा करा असंही होतं आणि वर हेही की अधिकाऱ्याला योग्य वाटलं तर मालकाला काय घडलं त्याचा लेखी दाखला द्या, पावती नको! म्हणजे कलम 38 मधला जो एक धागा शेतकऱ्याच्या हाती होता तोच काढून घेतला. मग वाटेवरच्या शेतांचं, कोठारांचं काय झालं ते जॉर्जिया अजून विसरलेलं नाही.

तरी कोड टिकला. ब्लंचली या कायदेपंडिताने 1868 मध्ये त्याच्या आधारे आपली संहिता बांधली, युद्धाच्या नियमांवर 1874 ची ब्रुसेल्स परिषद झाली, मग 1899 आणि 1907 चे हेग नियम आले. त्यात कलम 46 प्रमाणे खाजगी मालमत्ता जप्त करता येत नाही, कलम 47 मध्ये लुटीला सरळ बंदी, आणि कलम 52 मध्ये पावती परत आली: सैन्याने वस्तू घेतल्या तर शक्यतो रोख पैसे, नाहीतर पावती, आणि पैसे लवकरात लवकर. 1949 च्या चौथ्या जिनिव्हा कराराने लुटीची बंदी पक्की केली, मालमत्ता उद्ध्वस्त करण्याबाबत मात्र लष्करी गरजेचा अपवाद तिथेही ठेवला.

आपल्याकडे जिनिव्हा करारांसाठी 1960 चा कायदा आहे. आणि 1950 च्या आर्मी ॲक्टमध्ये लुटीसाठी कुणाच्या घरात घुसणं हा वेगळा गुन्हाच आहे, एरवी 7 वर्षांपर्यंत आणि प्रत्यक्ष मोहिमेवर असताना 14 वर्षांपर्यंत कैद.