उघड्या तारेवर ठरलेलं गुपित

एसएसएच म्हणजे लांबच्या संगणकात आपल्या संगणकावरून शिरून काम करायची सोय. 'पासवर्ड चांगला लांबलचक ठेवलाय, म्हणजे एसएसएच सुरक्षित' असं मानणारे बरेच भेटतात. वाटेतला मजकूर त्या पासवर्डनंच कुलूपबंद होतो, असा त्यांचा समज. प्रत्यक्षात पासवर्ड विचारला जातो तेव्हा कुलूप आधीच लागलेलं असतं. ते लागतं कसं, हे मला यातलं सर्वात देखणं वाटतं.

तुमचा संगणक आणि लांबचा लिनक्स सर्व्हर एकमेकांना अनोळखी, मधली तार उघडी, तरी कुलपासाठी दोघांना एकच गुप्त आकडा हवा. डिफी आणि हेलमन यांनी 1976 मध्ये मांडलेली युक्ती अशी: 3 आणि 17 हे आकडे उघडपणे ठरवायचे. तुम्ही मनात 6 धरलात. 3 चा सहावा घात 729, त्याला 17 नं भागून बाकी 15, ती पाठवलीत. सर्व्हरनं 7 धरला. 3 चा सातवा घात 2187, त्याला 17 नं भागून बाकी 11. ती त्यानं पाठवली. आता तुम्ही 11 चा सहावा घात घेऊन 17 नं भागा, बाकी 8. सर्व्हर 15 चा सातवा घात घेतो, त्याचीही बाकी 8! हा 8 तारेवरून गेलाच नाही. आकडे इवलेसे असल्यानं इथे 6 आणि 7 शोधून काढता येतील. पण खऱ्या वापरात, उदाहरणार्थ कर्व्ह-25519 या पद्धतीत, 17 च्या जागी 2 च्या 255 व्या घातातून 19 वजा केलेली मूळ संख्या येते आणि घातांऐवजी वक्रावरच्या बिंदूंची बेरीज.

मात्र समोर आपलाच सर्व्हर आहे, हे या गणितातून कळत नाही. म्हणून पहिल्यांदा जोडताना सर्व्हरच्या किल्लीचा ठसा (तिची ओळख सांगणारी अक्षरांची ओळ) दाखवून 'पुढे जायचं का?' असा प्रश्न येतो आणि आपण न वाचता 'येस' ठोकतो. तो ठसा सर्व्हरच्या मालकाकडून पडताळायला हवा.

सर्व्हरला आपली ओळख पटवायला पासवर्डपेक्षा किल्ल्यांची जोडी बरी: एक सार्वजनिक, ती सर्व्हरवर ठेवायची, आणि एक खासगी. खासगी किल्ली आपल्याच संगणकावर राहते. तिनं फक्त त्या जोडणीपुरती सही होते, त्यामुळे ती सही चोरून दुसऱ्या वेळी चालत नाही. एसएसएचचं पोर्ट, म्हणजे सर्व्हरवरच्या त्याच्या दाराचा क्रमांक, 22 चा 2222 केला की झालं, ही निव्वळ समजूत. लॉगमधली, म्हणजे सर्व्हरच्या नोंदवहीतली, गर्दी तेवढी कमी होते.

किल्ली चालली की पासवर्डनं लॉगिन बंद करा, पण सर्व्हरला जोडलेली जुनी खिडकी उघडी ठेवून. दुसऱ्या खिडकीतून आत शिरता आलं, मगच पहिली मिटा. मी एकदा आधीच मिटली होती. होम फोल्डरवर इतरांनाही लिहायची मुभा राहून गेलेली, त्यामुळे सर्व्हरनं माझी किल्ली पाहिलीच नाही.