कचरावेचक आणि कॅमेरा: ब्राझीलमधल्या माहितीपटांची पार्श्वभूमी

कचरावेचकांवरच्या माहितीपटांचा माग काढायचा तर ब्राझीलला जावं लागतं. तिथली लष्करी राजवट 1985 मध्ये संपली, आणि शहरांच्या कडेला कचऱ्याच्या डोंगरांवर जगणाऱ्यांकडे कॅमेरे वळू लागले.

1989 मध्ये जॉर्जे फुर्तादो यांनी पोर्तो अलेग्रे शहरात ‘इल्या दास फ्लोरेस’ (‘फुलांचं बेट’, तिथल्याच एका बेटाचं नाव) हा जेमतेम 13 मिनिटांचा लघुपट केला. शेतातून निघालेला एक टोमॅटो शेवटी या बेटावरच्या कचऱ्यात पोचतो. त्यातलं डुकरांच्याही कामाचं नाही असं जे उरतं, ते उचलायला बायका-पोरांना दहा-दहाच्या गटाने पाच मिनिटं आत सोडतात. बघताना पोटात कालवतं. पुढच्याच वर्षी बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात त्याला रौप्य अस्वल हा पुरस्कार मिळाला. मात्र त्यातली गरीब माणसं बोलत नाहीत. त्यांच्याबद्दल बोलतो तो निवेदक. त्या बेटावरच्या रहिवाशांना मात्र या बदनामीचा त्रास पुढे वर्षानुवर्षं झाला.

एदुआर्दो कुतिन्यो यांनी ही चूक ओळखली, असं मला वाटतं. ‘बोका दे लिशो’साठी (1993) ते रिओजवळच्या साओ गोन्सालोच्या डंपिंग ग्राउंडवर गेले, तेव्हा लोकांनी सदऱ्याने, फडक्याने तोंडं झाकून घेतली. हे यंत्र आमच्या तोंडासमोर धरून तुम्हाला काय मिळतं, असं एका पोराने थेट विचारलं. एक बाई तर भडकलीच: तुम्ही पेपरात छापता आणि लोकांना वाटतं की आम्ही हे खातो! कुतिन्योंनी हे सगळं चित्रपटात ठेवलं. मग त्यांनी चित्रीकरणातल्या चेहऱ्यांच्या प्रती काढल्या आणि कागद हातात घेऊन ते विचारत फिरले, हा कोण, ही कुठे राहते? चेहऱ्यांना नावं मिळाली, घरं उघडली, स्वयंपाक दिसला, गाणंही ऐकू आलं. शेवटी झालेलं चित्रीकरण त्यांनी तिथेच टीव्ही लावून त्या लोकांना दाखवलं. या विषयावर कॅमेरा उचलणाऱ्या प्रत्येकाने हा चित्रपट आधी बघावा.

त्यानंतर सगळ्यांचं लक्ष गेलं रिओजवळच्याच जार्दिम ग्रामाशो या प्रचंड डंपिंग ग्राउंडकडे. मार्कोस प्रादो यांचा ‘एस्तामिरा’ (2004) तिथे अनेक वर्षं कचरा वेचलेल्या एकाच बाईवर आहे. तिला मानसिक आजार होता, पण चित्रपट तिचं बोलणं अडवत नाही. लूसी वॉकर यांच्या ‘वेस्ट लँड’ने (2010) ग्रामाशो जगभर पोचवलं. चित्रकार विक मुनिझ यांनी कचरावेचकांना सोबत घेऊन कचऱ्यातूनच त्यांची भव्य चित्रं उभी केली. त्यातलं तिथल्या कचरावेचकांच्या संघटनेचे नेते तियाओ सांतोस यांचं चित्र लंडनच्या लिलावात 28,000 पौंडांना गेलं. चार दिवस कौतुक करून या माणसांना परत कचऱ्यावर सोडणं बरोबर का, हा वादही चित्रपटातच होतो, आणि मला तो लिलावापेक्षा महत्त्वाचा वाटतो.

मात्र संघटना चित्रपटाने उभी केली नाही. ती आधीपासून होती. देशाच्या अधिकृत व्यवसाय-यादीत कचरावेचकांचं काम 2002 मध्येच आलं होतं, तेही त्यांच्या चळवळीच्या रेट्यामुळे. जून 2012 मध्ये ग्रामाशो बंद झालं, तेव्हा तिथल्या कचरावेचकांना माणशी सुमारे 14,000 रिआल (ब्राझीलचं चलन) भरपाई मिळाली. त्यासाठी भांडले ते स्वतः कचरावेचकच.