किनुयो तानाका : गिंझातल्या मिरवणुकीनंतर

जानेवारी १९५०. तीन महिन्यांचा अमेरिका दौरा आटोपून जपानी अभिनेत्री किनुयो तानाका टोकियोला परतल्या. जाताना अंगावर किमोनो होता. येताना पाश्चात्त्य पोशाख, डोळ्यांवर काळा चष्मा. उघड्या मोटारीतून टोकियोतल्या गिंझा भागाच्या रस्त्यावर जमलेल्या चाहत्यांकडे त्यांनी हवेतच चुंबनं फेकली. देश तेव्हा अमेरिकी ताब्यात होता आणि दुसऱ्या महायुद्धात हरल्याची जखम ताजी होती. वर्तमानपत्रांनी बाईंना अक्षरशः धारेवर धरलं.

हा राग समजायचा तर आधीची पंचवीस वर्षं पाहावी लागतात. १९०९ साली शिमोनोसेकीत जन्मलेली, लहानपणी बिवा हे तंतुवाद्य शिकलेली ही मुलगी १९२४ मध्ये शोचिकू या चित्रपट कंपनीत आली. दिग्दर्शक गोशो यांच्या १९३१ च्या बोलपटात, म्हणजे जपानच्या पहिल्या पूर्ण बोलपटात, ती नायिका होती. घराघरांतल्या लोकांना ती आपलीच पोर वाटायची. म्हणून तर तो पोशाख इतका खुपला.

सावरायला दोन वर्षं गेली. मग दिग्दर्शक मिझोगुचींचा ओहारूच्या आयुष्यावरचा १९५२ चा चित्रपट आला. उतारवयातली, रस्त्यावर गिऱ्हाईक शोधणारी ओहारू देवळात शिरते. तिथं अर्हतांच्या, म्हणजे बौद्ध सिद्धपुरुषांच्या, मूर्तींची रांग असते. त्यातल्या एका चेहऱ्यात तिला तरुणपणीचा प्रियकर दिसतो आणि ती हळूच हसते. चाळिशी ओलांडलेल्या तानाकांनी त्या एका हसण्यात अख्खं आयुष्य आणलंय. माझ्या मते जपानी पडद्यावर याहून मोठा अभिनय झालेला नाही.

पुढच्याच वर्षी त्या स्वतः दिग्दर्शनात उतरल्या. पहिल्या चित्रपटाचा नायक अमेरिकी सैनिकांच्या मैत्रिणींना परदेशी भाषेत पत्रं लिहून देतो. ज्यांच्याकडे समाज बोट दाखवत होता त्या बायकांची बाजू तानाकांना कळली, यात मला तरी नवल वाटत नाही. दुसऱ्या चित्रपटाची पटकथा दिग्दर्शक ओझूंची होती. पण तानाकांनी दिग्दर्शक होण्याला विरोध केला तो मिझोगुचींनीच! ज्या बाईंनी त्यांच्या चित्रपटांत जीव ओतला होता, तिच्या वाट्याला हे यावं याचं वाईट वाटतं. तरी १९६२ पर्यंत त्यांनी सहा चित्रपट केले.

अभिनय सुटला नाहीच. १९५८ मध्ये दिग्दर्शक किनोशितांच्या चित्रपटातल्या म्हातारीसाठी त्यांनी खरोखरीचे पुढचे दात काढून घेतले. १९७४ च्या 'सांदाकान ८' या चित्रपटासाठी पुढच्या वर्षी बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. त्यात कोवळ्या वयात बोर्निओच्या कुंटणखान्यात विकली गेलेली ओसाकी आता म्हातारी झालीय. घरी राहून गेलेली पाहुणी निघते तेव्हा ती तिच्याकडे आठवण म्हणून वापरलेला टॉवेल मागते. तो हातात आल्यावर त्यातच तोंड खुपसून हमसून हमसून रडते.