एश्ते की एस्से? पोर्तुगीजमधला ‘हा’ कुणाच्या बाजूचा

पोर्तुगीजमध्ये ‘हा-तो’साठी तीन शब्द आहेत: एश्ते म्हणजे बोलणाऱ्याजवळचा, एस्से म्हणजे ऐकणाऱ्याजवळचा आणि अकेले म्हणजे दोघांपासून लांबचा. शिकताना आपली मराठी माणसं अकेलेला फारशी अडखळत नाहीत, तो आपला लांबचा ‘तो’, रस्त्यापलीकडचं घर किंवा आजोबांच्या वेळचा जमाना, बोलणाऱ्यापासून लांब आणि ऐकणाऱ्यापासूनही लांब, विषय संपला. खरा घोळ एश्ते आणि एस्सेमध्ये, कारण मराठीत आपण दोन्हीला सर्रास ‘हा’ म्हणतो आणि म्हणतोय हे लक्षातही येत नाही.

बघा ना, मैत्रिणीच्या हातात पुडी दिसली की आपण विचारतो, "अगं हे काय आणलंस?" हे! तोच ‘हे’ मनात धरून पोर्तुगीज बोलायला गेलं की जिभेवर इश्तू, म्हणजे एश्तेचं ‘हे’सारखं रूप, येतं आणि तिथेच चुकतं. पुडी तिच्या हातात आहे, म्हणून एस्सेचं तसंच रूप इस्सू वापरून विचारायचं ‘ऊ के ए इस्सू?’, आणि ती मात्र म्हणणार ‘इश्तू ए पांव’, म्हणजे आपला पावच, कारण तिच्यासाठी तो तिच्या जवळ आहे. वस्तू तीच, क्षण तोच, पण विचारणारी इस्सू म्हणते आणि उत्तर देणारी इश्तू. मला तर हे फार सुंदर वाटतं, एवढ्याशा शब्दात समोरच्या माणसाची जागा धरलेली असते.

बोलण्याचंही तसंच. कुणी काही सांगितलं आणि आपल्याला म्हणायचंय "हे खोटं आहे", तर ‘इस्सू ए मेंतीरा’, कारण शब्द त्याच्या तोंडून आलेत. ‘म्हणून’ला ‘पुर इस्सू’ म्हणतात तेही आधी झालेल्या गोष्टीकडे बोट दाखवूनच. पण "मुद्दा हा आहे की..." असं पुढचं सांगायचं असेल तर तिथे एश्ते. ऑफिसच्या पत्रात तर हे नीट पाळावं लागतं, ‘एश्ता’ (एश्तेचं स्त्रीलिंगी रूप) कंपनी म्हणजे लिहिणाऱ्याची, ‘एस्सा’ म्हणजे ज्यांना पत्र चाललंय त्यांची.

लिंगाचं आपल्याला सोपं जातं. नाव माहीत नसलेल्या वस्तूला आपण ‘हे काय’ म्हणतो ना, इश्तू-इस्सू तसेच, कधी बदलत नाहीत. नाव आलं की लिंग आलं: ‘एश्ता शाव्ह’, ही चावी, शब्दही तोच आणि दोन्हीकडे स्त्रीलिंगी. बटाट्याला जपा, तिकडे ती बताता, म्हणून ‘एश्ता बताता’.

आता ब्राझील. तिथे रोजच्या बोलण्यात दोन्हीकडे एस्सेच चालतो आणि फरक दाखवायचा तर पुढे अकी म्हणजे इथे, नाहीतर अई म्हणजे तुझ्याकडे जोडतात. ब्राझीलच्या मालिका बघून शिकलेल्यांनी त्यामुळे गोंधळू नका, पोर्तुगालमध्ये हा फरक बोलण्यातही टिकून आहे, लिस्बनच्या दुकानात काउंटरपलीकडच्या माणसाजवळचा पाव हवा असेल तर ‘एस्से’ म्हणा, स्वतःच्या हातातला दाखवायचा असेल तर ‘एश्ते’.