लुंगिन आणि नुसिनोव: शिबिरातला मुलगा आणि ख्रुश्चोव्हचा मका

सोव्हिएत काळातल्या मुलांच्या विनोदी चित्रपटांचा विषय निघाला की सेम्यॉन लुंगिन (१९२०–१९९६) आणि इल्या नुसिनोव या पटकथाकारांची नावं जोडीनंच येतात. नुसिनोव यांचे वडील इसाक हे साहित्याचे अभ्यासक. स्तालिनच्या अखेरच्या वर्षांत ज्यू बुद्धिजीवींवर गदा आली, तेव्हा त्यांना अटक झाली आणि १९५० साली ते तुरुंगातच वारले. पुढे वातावरण सैलावलं, तरी साहेबलोकांची टोपी उडवायची तर बेतानंच. मुलांचा चित्रपट ही त्यातल्या त्यात सोयीची आडवाट.

जोडीची सर्वांत गाजलेली पटकथा १९६४ची, 'स्वागत आहे, किंवा परक्यांना प्रवेश बंद'. पायोनियर, म्हणजे सोव्हिएत बालसंघटनेच्या, उन्हाळी शिबिरातला कोस्त्या इनोच्किन आखून दिलेल्या हद्दीबाहेर पोहत जातो, म्हणून शिबिरप्रमुख दीनिन त्याला घरी पाठवतो. असा हाकललेला नातू दारात बघून आजी धसक्यानंच जाईल, या भीतीनं पोरगं गुपचूप परततं आणि संचलनाच्या व्यासपीठाखाली दडून बसतं. बाकीची मुलं त्याला खाणं पोचवतात. दीनिन दुष्ट नाही. मुलांची वजनं वाढावीत अशी त्याची मनापासून इच्छा आहे. मुलांचं ऐकायला मात्र त्याला सवड नाही. लेखकांची खरी करामत मला इथे दिसते. येवगेनी येव्स्तिग्नेयेव यांनी हा दीनिन झकास उभा केला.

दिग्दर्शक एलेम क्लिमोव यांचा हा चित्रपटशाळेतला पदवीचा चित्रपट. वरच्यांना तो खुपला. पालकदिनाला मक्याच्या भल्यामोठ्या कणसाचं सोंग येतं, आणि आतून निघतो कोस्त्या! मका म्हणजे तेव्हाचे सोव्हिएत नेते ख्रुश्चोव्ह यांचं लाडकं पीक. त्यात कोस्त्याच्या कल्पनेतली आजीची अंत्ययात्रा. वरून पाहिली तर ती प्रश्नचिन्हासारखी वळलेली. आजीच्या आडून ख्रुश्चोव्ह यांनाच पुरताय, असा आक्षेप निघाला. क्लिमोव सांगत की अखेर चित्रपट खुद्द ख्रुश्चोव्ह यांनी पाहिला, ते हसले आणि वाट मोकळी झाली. त्याच वर्षी ऑक्टोबरात ख्रुश्चोव्ह यांची खुर्ची गेली.

पुढची दोन कामं दिग्दर्शक रोलान बीकोव यांच्यासाठी. 'सावधान, कासव!'मध्ये (१९७०) शाळेतल्या कासवाचं कवच किती टणक आहे हे पाहायला मुलं थेट रणगाड्यापर्यंत पोचतात. 'तार' आला १९७१ साली, पण नुसिनोव १९७०मध्येच गेले होते. दोघांनी लिहिलेला, झारच्या दरबारात वजन असलेल्या साधू रास्पुतिनवरचा चित्रपट क्लिमोव यांनी पुरा केला. सोव्हिएत प्रेक्षकांना तो दिसायला १९८५ उजाडलं.

लुंगिन एकटे लिहीत राहिले. इंग्रज विनोदी लेखक जेरोम यांच्या कादंबरीतल्या, होडीतल्या तिघांवरचा १९७९चा दूरचित्रवाणीपट त्यांचाच. घरही लिहित्या माणसांचं. पत्नी लिलियाना यांनी स्वीडिश बाललेखिका आस्त्रिद लिंडग्रेनचा उडता नायक कार्लसन रशियनमध्ये आणला. मुलगा पावेल आधी वडिलांसारख्या पटकथाच लिहायचा. मग दिग्दर्शनात उतरला आणि १९९०मध्ये 'टॅक्सी ब्लूज'साठी कान महोत्सवात सर्वोत्तम दिग्दर्शक ठरला.