पोस्टरने बुडवलेला भयपट आणि कॅरिन कुसामा

'जेनिफर्स बॉडी' हा भयपट 18 सप्टेंबर 2009 रोजी अमेरिकेत प्रदर्शित झाला आणि पहिल्या शनिवार-रविवारीच त्याचं भवितव्य ठरलं. बजेट सुमारे 1 कोटी 60 लाख डॉलरचं होतं आणि अमेरिकेतला एकूण गल्ला जेमतेम तेवढाच झाला. बहुतेक समीक्षकांनी झोडपलं, प्रेक्षकांनी पाठ फिरवली आणि दिग्दर्शिका कॅरिन कुसामाच्या नावापुढे दुसरं अपयश लागलं. दहा वर्षांच्या आत तोच चित्रपट स्त्रीच्या नजरेतून केलेला महत्त्वाचा भयपट म्हणून गाजू लागला. तेव्हा जे घडलं ते दिग्दर्शनाचं अपयश नव्हतं, असं माझं ठाम मत आहे. त्यासाठी तिची कारकीर्द सुरुवातीपासून पाहायला हवी.

कुसामाचा जन्म 1968 चा, ब्रुकलिनमधला. वाढली सेंट लुइसमध्ये. वडील जपानी, बालमानसोपचारतज्ज्ञ. न्यू यॉर्क विद्यापीठात चित्रपटाचं शिक्षण घेतल्यावर तिने जॉन सेल्स या स्वतंत्र बाण्याच्या दिग्दर्शकाकडे सहायक म्हणून काम केलं. याच काळात ब्रुकलिनच्या ग्लीसन्स जिममध्ये ती बॉक्सिंग शिकत होती. त्यातूनच 'गर्लफाइट' सुचला: घरी आणि शाळेत धुमसणारी एक लॅटिनो मुलगी वडिलांना न सांगता रिंगमध्ये उतरते. अशा नायिकेवर पैसे लावायला कोणी तयार होईना. शेवटी सेल्स आणि त्याच्या सहकाऱ्यांनीच पदरचे पैसे घातले. मुख्य भूमिकेसाठी खुल्या ऑडिशनला आलेल्या शेकडो मुलींमधून अभिनयाचा अनुभव जवळपास नसलेली मिशेल रॉड्रिग्ज निवडली गेली. 2000 च्या सनडान्स महोत्सवात चित्रपटाला ज्यूरीचा सर्वोच्च पुरस्कार विभागून मिळाला आणि दिग्दर्शनाचा पुरस्कारही कुसामालाच मिळाला. वय 31.

एवढं यश मिळवलेल्या दिग्दर्शकाला हॉलिवूड मोठा चित्रपट देतं, तसा तिलाही मिळाला. शार्लीझ थेरनला घेऊन केलेल्या 'इऑन फ्लक्स'चं बजेट 6 कोटी डॉलरच्या वर होतं. पण काम चालू असतानाच स्टुडिओचं नेतृत्व बदललं. नव्या मंडळींना कुसामाचा चित्रपट पटेना. संकलन तिच्या हातून काढून घेतलं, वाट्टेल तशी कात्री चालवली आणि ते जमेना तेव्हा निस्तरायला तिलाच परत बोलावलं. 2005 च्या डिसेंबरमध्ये जे पडद्यावर आलं ते धड तिचं नव्हतं, धड त्यांचंही नव्हतं. आपटल्याचं खापर मात्र तिच्या एकटीच्या डोक्यावर फुटलं.

त्यानंतर आला 'जेनिफर्स बॉडी'. पटकथा डायब्लो कोडीची. तिला नुकतंच 'जुनो'साठी ऑस्कर मिळालं होतं. कथा एका छोट्या गावातली. बाहेरून आलेला एक बँड प्रसिद्धीच्या हव्यासापायी सैतानाला कुमारिकेचा बळी द्यायचं ठरवतो आणि शाळेतल्या सर्वांत देखण्या मुलीला, जेनिफरला, उचलून जंगलात नेतो. ती कुमारिका नसल्यामुळे विधी फसतो, तिच्या अंगात सैतान शिरतो आणि ती पोरांना खाऊ लागते. हे सगळं हळूहळू तिची जिवलग मैत्रीण नीडी हिला कळतं. जंगलातला तो प्रसंग विसरता येत नाही. हात बांधलेली मुलगी रडून विनवण्या करते आहे आणि ती पोरं हसत-खिदळत एक जुनं लोकप्रिय गाणं म्हणत सुरा उगारतात. कॅमेरा मुलीच्या शरीरावर रेंगाळत नाही, तिच्या भीतीवर थांबतो. घोळक्यातल्या पुरुषांना एकीचा जीव किती स्वस्त वाटू शकतो, हे त्या दोन-तीन मिनिटांत कळतं.

कोडी आणि कुसामा दोघींच्याही डोळ्यांपुढे प्रेक्षक म्हणून तरुण मुली होत्या. जाहिरात मात्र झाली ती वयात आलेल्या मुलग्यांसाठी. पोस्टरवर जेनिफर झालेली मेगन फॉक्स आखूड स्कर्टमध्ये, ट्रेलरमध्ये तिचं चुंबनदृश्य. एका पॉर्न संकेतस्थळावर मेगनने चाहत्यांशी गप्पा माराव्यात असाही प्रस्ताव प्रसिद्धीवाल्यांकडून आला होता, असं कुसामाने पुढे मुलाखतीत सांगितलं. त्यात भर म्हणजे चित्रपट बनवणारा, फॉक्स स्टुडिओचा फॉक्स अ‍ॅटॉमिक हा विभाग प्रदर्शनाआधीच बंद झाला होता. पोस्टर पाहून आलेल्या मुलग्यांना हवं ते मिळालं नाही आणि ज्या मुलींसाठी तो केला होता, त्यांना तो आपला आहे हे कोणी सांगितलंच नाही. 2017 मध्ये मी टू चळवळ उभी राहिल्यावर त्या मुलींनी, आता मोठ्या झालेल्या, तो शोधून काढला. जंगलातल्या प्रसंगाकडे तेव्हा सगळेच नव्या नजरेने पाहू लागले.

मधली वर्षं कुसामाने कशी काढली? मालिकांवर. या वाटेनेही तिच्या आधी बायका गेल्या होत्या. आयडा लुपिनोने 1953 मध्ये 'द हिच-हायकर'सारखा अंगावर काटा आणणारा चित्रपट केला, आणि नंतरची बरीच वर्षं तिने टीव्हीवर काढली. 'द ट्वायलाइट झोन'च्या मूळ मालिकेचे 156 भाग झाले. त्यांतला बाईने दिग्दर्शित केलेला एकच आणि तो लुपिनोचा, 1964 मधला. मेरी लॅम्बर्टचा 'पेट सेमेटरी' 1989 मध्ये तुफान चालला, तरी पुढे तिच्या वाट्याला मोठे चित्रपट फारसे आले नाहीत. म्हणजे पुरुषाला एका यशावर जे मिळतं, ते तिला त्या यशानंतरही मिळालं नाही.

मालिकेत पाहुण्या दिग्दर्शकाला तयार घरात राहायला जावं लागतं. नट ठरलेले, सेट उभा, शेवटचा शब्द लेखक-निर्मात्याचा. कुसामाने 'हॉल्ट अँड कॅच फायर', 'द मॅन इन द हाय कॅसल', 'बिलियन्स' अशा मालिकांचे भाग केले. हाताला काम राहिलं, सेटची सवय राहिली.

याच काळात, 2015 मध्ये, 'द इन्व्हिटेशन' आला. बजेट जेमतेम 10 लाख डॉलर, म्हणजे 'इऑन फ्लक्स'च्या साठाव्या भागाहूनही कमी. लेखक फिल हे, म्हणजे तिचा नवरा, आणि मॅट मॅनफ्रेडी. हॉलिवूडच्या टेकड्यांवरचं एक घर आणि जेवणाचं आमंत्रण. मुलाच्या मृत्यूनंतर घटस्फोट घेतलेली बायको आधीच्या नवऱ्याला, म्हणजे विलला, त्याच्या नव्या मैत्रिणीला आणि जुन्या मित्रांना बोलावते. सुरुवातीलाच वाटेत गाडीखाली कायोटी, तिकडचा कोल्ह्यासारखा प्राणी, सापडतो. तो मरत नाही. विल गाडीतून पाना काढतो आणि घाव घालून त्याची तडफड संपवतो. आपल्याला ती दयाच वाटते. पुढे घरातली माणसं दुःखातून सुटका या विषयावर गोड आवाजात बोलू लागली की तो घाव आठवून पोटात गोळा येतो. भूत नाही, किंकाळी नाही. पाहुणे आल्यावर दाराला आतून कुलूप लावलं जातं, एवढंच. विलला धोका दिसतोय की शोकाने त्याचं डोकं फिरलंय, हे ठरवता येत नाही, आणि आपण बराच वेळ त्याच्यावरच संशय घेत बसतो. स्पेनमधल्या सिट्जेस चित्रपट महोत्सवात या चित्रपटाला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा पुरस्कार मिळाला. माझ्या मते हे तिचं सर्वोत्तम काम. पैसा कमी असला की लुडबुडही कमी होते, हेही त्याचं एक कारण.

त्यानंतर दारं उघडली. 2018 मध्ये निकोल किडमनला घेऊन 'डिस्ट्रॉयर' आला. 2020 मध्ये स्टीफन किंगच्या कादंबरीवरच्या 'द आउटसायडर' मालिकेचे काही भाग तिने केले. आणि 2021 मध्ये 'यलोजॅकेट्स'. 1996 मध्ये विमान कोसळून रानात अडकलेल्या शाळकरी फुटबॉलपटू मुलींची ही गोष्ट. इथे ती पाहुणी नव्हती. पहिला भाग तिचा होता, शिवाय ती कार्यकारी निर्माती होती. मालिकेचा पोत पहिल्या भागात ठरतो. पुढचे दिग्दर्शक त्याच चौकटीत काम करतात. बर्फात अनवाणी पळणारी मुलगी सुळक्यांनी भरलेल्या खड्ड्यात पडते, ही सुरुवात कुसामाने चित्रित केलेली आहे. त्या भागासाठी 2022 मध्ये तिला दिग्दर्शनाचं एमी नामांकन मिळालं.

त्याच 2022 मध्ये, ड्रॅक्युलाच्या कथेतल्या मीना हार्करवर ती करत असलेला चित्रपट चित्रीकरणाला काही आठवडे उरले असताना निर्मात्यांनी बंद केला. कारण मतभेद, असं सांगण्यात आलं. 2023 मध्ये 'यलोजॅकेट्स'च्या दुसऱ्या पर्वाचा शेवटचा भाग तिनेच दिग्दर्शित केला.