डंख बोटाला, लक्ष श्वासाकडे

अंगावर पित्त उठलं की आपल्याकडे आमसुलाचं पाणी चोळायची पद्धत आहे. एरवी त्याने बिघडत नाही. पण मधमाशी किंवा गांधीलमाशी चावल्यानंतर पाच-दहा मिनिटांत पोटावर, पाठीवर, काखेत गांधी उठल्या, तर आमसूल भिजवण्यात घालवलेला वेळ महागात पडू शकतो. डंख बोटाला आणि खाज पोटावर, याचा अर्थ प्रतिक्रिया रक्तावाटे सर्व शरीरात पसरली आहे. याला पित्त म्हणतात एवढंच. पित्ताशयाशी किंवा अ‍ॅसिडिटीशी त्याचा संबंध नाही.

डंखाच्या जागी आग होणं, लाली येणं, सूज येणं हे विषाचं नेहमीचं काम आहे. काही तासांत ते ओसरतं. काहींना मात्र बोटाला चावलं तर कोपरापर्यंत हात सुजतो. ही सूज दुसऱ्या दिवशी वाढते आणि आठवडाभरही रेंगाळते. तीही अ‍ॅलर्जीच, पण जागेपुरती. बर्फाचा शेक, हात उंच ठेवणं आणि मोठ्या माणसाला सेटिरिझिन या अ‍ॅलर्जीच्या औषधाची 10 मिलिग्रॅमची एक गोळी एवढं सहसा पुरतं. चोवीस तासांच्या आतल्या अशा सुजेला जंतुसंसर्ग समजून अँटिबायोटिक देतात. त्याची बहुधा गरज नसते.

सर्वांगाची प्रतिक्रिया वेगळी. आधीच्या एखाद्या डंखानंतर शरीराने विषातल्या प्रथिनांविरुद्ध आयजीई जातीची प्रतिपिंडं तयार करून ठेवलेली असतात. पुढचा डंख बसताच ती मास्ट पेशींना चेतवतात आणि हिस्टामिनसारखी रसायनं एकदम बाहेर पडतात. रक्तवाहिन्या सैलावतात, त्यांतलं पाणी झिरपतं, रक्तदाब कोसळतो, श्वासनलिका आवळतात. फ्रान्सच्या शार्ल रिशे आणि पोल पोर्तिए यांनी समुद्रफुलाचं विष कुत्र्यांना टोचताना हेच पाहिलं: पहिला डोस पचवलेला कुत्रा काही आठवड्यांनी दिलेल्या छोट्याशा डोसाने काही मिनिटांत दगावला. 1902 साली त्यांनी याला ‘अ‍ॅनाफिलॅक्सिस’ हे नाव दिलं. रिशे यांना 1913 चं नोबेल मिळालं. ‘मला दहादा चावलीय, काही होत नाही’ हा भरवसा म्हणूनच पोकळ आहे.

डंखानंतरचा पहिला अर्धा तास माणसाला एकटं सोडू नका. आवाज घोगरा होणं, घशात गोळा अडकल्यासारखं वाटणं, छातीत घुरघुर, जीभ किंवा ओठ सुजणं, उलट्या, पोटात मुरडा, चक्कर, जीव घाबरा होणं यांकडे बघा. दर दहांतल्या एखाद-दोघांना गांधी उठतच नाहीत, थेट रक्तदाब पडतो. नुसत्या भीतीने भोवळ आली असेल तर नाडी सहसा मंद असते आणि आडवं केल्यावर माणूस लवकर सावरतो. अ‍ॅनाफिलॅक्सिसमध्ये नाडी बहुधा जलद आणि क्षीण लागते.

यावरचं पहिलं औषध एकच: अ‍ॅड्रेनॅलिन. बाजारात 1 मिलिलिटरच्या अँप्यूलमध्ये 1 मिलिग्रॅम असतं. मोठ्या माणसाला त्यातलं अर्धं, म्हणजे 0.5 मिलिलिटर, लहान मुलाला वजनाच्या दर किलोमागे 0.01 मिलिलिटर, म्हणजे 20 किलोच्या मुलाला 0.2 मिलिलिटर. मांडीच्या मधल्या भागी, बाहेरच्या बाजूला, स्नायूत. कातडीखाली दिलं तर ते रक्तात फार सावकाश पोचतं, आणि अख्खी अँप्यूल शिरेतून ढकलली तर हृदयाचे ठोके बिघडतात. पाच मिनिटांत उतार नसेल तर तोच डोस पुन्हा.

चूक होते ती क्रमात. आधी एव्हिल (अ‍ॅलर्जीचं नेहमीचं औषध) आणि डेक्सा (स्टेरॉइड) देऊन ‘बघू’ म्हणतात. एव्हिल खाज कमी करतं, पण आवळलेली श्वासनलिका किंवा पडलेला रक्तदाब सावरत नाही; स्टेरॉइडला परिणाम दाखवायला काही तास लागतात. डंखाच्या जीवघेण्या अ‍ॅलर्जीत हृदय साधारण पंधरा मिनिटांत थांबू शकतं. म्हणून 108 ला फोन करतानाच ‘माशी चावून अ‍ॅलर्जी, श्वास लागतोय’ असं स्पष्ट सांगा.

तोवर माणसाला आडवं करून पाय उंच ठेवा. दम लागत असेल तर पाय पसरून बसवा, उलटी होत असेल तर कुशीवर. चालवत गाडीपर्यंत नेऊ नका: रक्तदाब पडलेला असताना एकदम उभं केलं तर हृदयाकडे परतणारं रक्तच आटतं आणि तेवढ्याने माणूस दगावल्याच्या नोंदी आहेत. बरं वाटलं तरी काही तास दवाखान्यात थांबायला हवं, कारण दुसरी लाट येऊ शकते.

मधमाशीची नांगी काटेरी असल्याने विषाच्या पिशवीसकट कातडीत राहते आणि बहुतेक विष पहिल्या अर्ध्या मिनिटात आत ढकलते. नखाने खरवडा की चिमटीने ओढा, फरक पडत नाही, उशीर नको. लोखंड घासणं, चुना लावणं यांत वेळ जातो, आणि ओली माती लावून धनुर्वाताची भीती ओढवून घेण्यात काही अर्थ नाही.

सह्याद्रीतल्या गडांवर आग्यामोहोळ उठलं की गणित बदलतं. आग्या माशीच्या डंखातून केळ्यासारख्या वासाचं रसायन सुटतं आणि इतर माश्या त्याच जागी तुटून पडतात. आधी तोंड झाकून लांब पळायचं, नांग्या नंतर काढायच्या. पन्नासाहून जास्त डंख बसले तर अ‍ॅलर्जी नसतानाही विषाने स्नायू आणि रक्तपेशी फुटतात, मूत्रपिंडं तुंबतात. लघवी चहासारखी काळपट झाली तर तीच खूण, आणि ती दुसऱ्या दिवशीही दिसू शकते.

(विंचू या हिशोबात येत नाही. त्याच्या विषाचा मारा मज्जासंस्थेवर असतो आणि त्यावर प्राझोसिन हे औषध महाडच्या डॉ. हिंमतराव बावस्करांनी रूढ केलं.)

एकदा सर्वांगाची प्रतिक्रिया आलेल्याने अ‍ॅलर्जीतज्ज्ञाकडे जाऊन कोणत्या माशीची अ‍ॅलर्जी आहे ते तपासून घ्यावं. त्याच विषाचे वाढते डोस तीन ते पाच वर्षं टोचून शरीराला सरावता येतं. रक्तदाबासाठी मेटोप्रोलॉलसारखी बीटा-ब्लॉकर गोळी चालू असेल तर तेही सांगावं: त्या गोळीमुळे अ‍ॅड्रेनॅलिनचा असर कमी होऊ शकतो आणि मग ग्लुकॅगॉन हे दुसरं औषध वापरावं लागतं.